पंचेचाळिशीचे पहारेकरी

कोल्हापुरात माणसाचं प्रेमप्रकरण लपतं, पोराचे मार्क लपतात, एखाद्याचं दुसरं घरसुद्धा वर्षानुवर्षं लपून राहतं. पण आमच्या साडूंपासून कुणाचं वय लपून राहिल्याचं मी ऐकलेलं नाही. आणि ते वय पंचेचाळीस निघालं, की त्या माणसाचं आतडंही फार दिवस लपून राहत नाही.

साडू म्हणजे माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे यजमान. पेठेत तालमीसमोर त्यांचं डिजिटल बोर्ड, म्हणजे फ्लेक्स, छापायचं दुकान आहे. आमच्या गावात वाढदिवस केक कापून साजरा होत नाही, झाला तरी तो कुणी धरत नाही. चौकात बोर्ड लागावा लागतो. त्यावर उत्सवमूर्तीचा दरवाजाएवढा चेहरा, बाजूला एखादा वाघ आणि खाली गॉगल लावलेल्या शुभेच्छुकांच्या रांगा. असले बोर्ड छापून छापून साडूंना निम्म्या शहराच्या जन्मतारखा पाठ झाल्या आहेत. छापण्याआधी प्रत्येक ओळ ते मोठ्यानं वाचतात. मोठ्यानं म्हणजे काय, तर त्यांना हळू बोलताच येत नाही. एकदा एका ओळखीच्या घरी मयताच्या बैठकीला आम्ही गेलो होतो. साडूंनी माझ्या कानाशी तोंड आणून, त्यांच्या मते कुजबुजत, विचारलं, "वय काय हुतं वो?" त्याला उत्तर आतल्या खोलीतून बायकांनी दिलं.

मी त्यांच्या उलट. शाळेत भूगोल शिकवतो, आणि नद्यांची उगमस्थानं सोडली तर कशाचाही उगम सांगायला मला जड जातं. आम्हा दोघांना शेजारी बसलेलं बघून सासरे म्हणायचे, एकाच घरात एक जावई भोंगा आणि एक जावई कुलूप कसा आला, देव जाणे.

या पंचेचाळीसचं वेड साडूंच्या डोक्यात एका डॉक्टरांनी घातलं. पोटाचे डॉक्टर. तपासणी शिबिराचा बोर्ड करून घ्यायला आले होते. साडूंनी सवयीप्रमाणं मजकूर मोठ्यानं वाचला. मोठ्या आतड्याचा कॅन्सर, वय वर्षं पंचेचाळीस झालं की तपासणी सुरू करा, काही त्रास नसला तरी करा. इथं ते अडले. "त्रास नसताना? डाक्टर, मोटारसायकल बंद पडल्याबिगर गॅरेजला कोन नेतंय?" डॉक्टर म्हणाले, "तुमचं हे मशीन बंद पडल्यावर सर्व्हिसिंग करता का?" साडूंच्या जिव्हारी लागेल असा हा एकच दाखला होता. मग डॉक्टरांनी सावकाश समजावलं. आतड्यात आधी लहानसा कोंब येतो, त्याला पॉलिप म्हणतात. तो वर्षानुवर्षं गप्प असतो, दुखत नाही, खुपत नाही. पुढं त्यातल्या एखाद्याचा कॅन्सर होतो. कोंब असतानाच काढला की पुढचं सगळं टळतं. त्यासाठी एक तर दर वर्षी शौचाचा नमुना तपासायचा, नाही तर दुर्बीण घालून आत बघायचं. दुर्बिणीत काही निघालं नाही तर दहा वर्षं सुट्टी.

साडू तेव्हा सत्तेचाळीस वर्षांचे. दुर्बिणीला ते तयार झाले, पण आदल्या दिवशी फक्त पातळ, स्वच्छ पदार्थ घ्यायचे म्हटल्यावर त्यांनी दवाखान्याच्या काउंटरवर, रांगेतल्या सगळ्यांच्या साक्षीनं विचारलं, "पांढरा रस्सा चालतोय का?" सिस्टर म्हणाल्या, नाही. "फडक्यानं गाळला तर?" नाही. "मग तांबडा? वरची तर्री काढून?" शेवटी डॉक्टर स्वतः बाहेर आले. पोट साफ करायचं औषध पिऊन साडूंनी जी रात्र काढली तिचं वर्णन ते मंगल कार्यालयात, पंगत बसलेली असताना करतात. त्यांच्या आतड्यात एक छोटा कोंब निघाला, तिथंच कापला गेला, आणि डॉक्टरांनी हौसेनं आतला फोटो दिला. हौस डॉक्टरांची तेवढीच होती. साडूंनी तो फोटो चार फूट बाय सहा फूट छापून दुकानात मशीनच्या वर लावला. गुलाबी, वळणावळणाचं ते भुयार बघून गिऱ्हाइकं विचारायची, "कुठलं लेणं म्हणायचं हे? पन्हाळ्याचं भुयार का?" साडू गंभीर चेहऱ्यानं सांगायचे, "मी हाय त्यो. आतनं."

तेव्हापासून पंचेचाळिसाव्या वाढदिवसाचा कुठलाही बोर्ड त्यांच्या दुकानातून मोकळा बाहेर पडत नाही. तळाला ओळ असते: 'पंचेचाळीस पूर्ण! आता एकदा पोट आतून बघून घ्या.' आमच्या भागातल्या एका युवा नेत्याच्या बोर्डावरही ती आली. या नेत्याचं वय गेली कित्येक वर्षं 'युवा' एवढंच होतं. त्याचे कार्यकर्ते तावातावानं दुकानात आले. "काका, साहेबांचं वय फोडलासा तुम्ही!" साडू म्हणाले, "वय फुटलं तर जोडता येतंय लगा, आतडं फुटल्यावर काय करशील?" बोर्ड उतरला. पण आठवड्याभरानं साहेब स्वतः, बरोबर एकही माणूस न घेता, हेल्मेट न काढता दुकानात आले आणि डॉक्टरांचा पत्ता घेऊन गेले. माझ्या मेव्हण्याच्या पंचेचाळिशीला साडूंनी शौचाच्या नमुन्याची डबी लाल रिबिन बांधून भेट दिली. मेव्हण्याच्या बायकोला वाटलं कुठल्या तरी देवाचा अंगारा आणलाय. तिनं ती डबी हळदकुंकू वाहून देव्हाऱ्यात ठेवली, आणि खरा प्रकार कळल्यावर देव्हारा धुऊन काढण्यात तिची एक एकादशी गेली.

अशा माणसाच्या तावडीतून त्यांचा स्वतःचा साडू, म्हणजे मी, सुटेन कसा? गेल्या वर्षी मला पंचेचाळीस पूर्ण झाली त्या सकाळी चौकात माझा बोर्ड होता. मी, जो स्वतःच्या लग्नाच्या फोटोतही कडेला उभा आहे, तो दहा फुटी होऊन शहराकडे बघत होतो, आणि माझ्या पायाशी ती ओळ. शाळेतली पोरं "सर, हॅप्पी बड्डे" म्हणताना माझ्या पोटाकडं बघत होती. तपासणीलाही साडूच घेऊन गेले. बाहेर बाकावर बसून त्यांनी रांगेतल्या लोकांना धीर दिला, म्हणजे घाबरवलं.

आत मात्र मी आणि डॉक्टर दोघंच होतो. त्यांनी विचारलं, "घरात कुणाला आतड्याचा कॅन्सर होता का?"

आणि मी, आयुष्यात पहिल्यांदा, होय म्हणालो.

आता हे इथं लिहायलाच हवं. माझे वडील वारणानगरला साखर कारखान्यात होते, आम्ही तिथल्याच कॉलनीत वाढलो. वडील आजारी पडले तेव्हा चव्वेचाळीस वर्षांचे होते. मी दहावीला होतो, धाकटा भाऊ दुसरीत. मोठ्या आतड्याचा कॅन्सर आहे असं मिरजेच्या डॉक्टरांनी आईला सांगितलं तेव्हा मी तिच्याशेजारी उभा होतो. परतीच्या एसटीत आई खिडकीबाहेर बघत म्हणाली, "हे कुनाला सांगायचं न्हाय. धाकट्यालाबी न्हाय. उद्या तुमची दोघांची लग्नं व्हायचीत. असल्या घरात पोरगी कोन देतंय? अल्सर म्हनायचं." वडील वर्षभरात गेले, अल्सर राहिला. माझं लग्न ठरलं तेव्हा घराची चौकशी करायला मुलीकडून थोरले जावई म्हणून कोण आले होते? हेच साडू. "वडील कशानं गेलं?" "अल्सरनं." साडूंनी मान हलवली, चहा प्यायले आणि घर चांगलं असल्याचा निर्वाळा दिला. आईच्या शब्दाला मी इतका जपत गेलो की पुढं तो शब्द आईचा राहिला नाही, माझाच झाला. बायकोलाही बोललो नाही.

डॉक्टरांनी चष्मा काढला. म्हणाले, "पंचेचाळीस हे ज्यांच्या घरात कुणाला नाही त्यांच्यासाठी. आईवडील किंवा भावंडांपैकी कुणाला झाला असेल, तर चाळिशीला तपासायचं, किंवा त्यांना ज्या वयात झाला त्याच्या दहा वर्षं आधी, यातलं जे लवकर येईल ते. म्हणजे तुम्ही चौतिसाव्या वर्षी यायला हवं होतं. भावंडं?"

"एक भाऊ. अडतीस."

"त्याला आजच सांगा."

माझ्यात एक कोंब निघाला, काढला. बाहेर साडूंनी विचारलं, "काय म्हनलं डाक्टर?" मी म्हणालो, "ठीक आहे." भावाला त्या दिवशी सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. रविवारी तो वारणेहून यायचा, आईनं दिलेल्या भाकऱ्या आणि डेअरीतलं तूप घेऊन. मी ठरवायचो, जेवण झाल्यावर सांगू. जेवण झाल्यावर वाटायचं, जेवल्याजेवल्या नको. गाडीवर बसताना वाटायचं, आता रस्त्यात विचार करत जाईल. अशी माझी काळजी मोठी सूक्ष्म होती. महिन्यांमागून महिने ती मी केली.

एका रविवारी भाऊ माझ्याबरोबर साडूंच्या दुकानात आला. मशीनवर शिबिराचा नवा बोर्ड निघत होता. भावानं तो वाचला आणि हसला. "पंचेचाळीस? मग मला सात वरसं सुट्टी."

"तू अजून पोरगा हायस," साडू म्हणाले. "खा मटन."

"तसं आपल्या घरात काय न्हायच. बाबा गेलं ते अल्सरनं."

"मला सांगतोस?" साडूंनी छाती ठोकली. "मी स्वता चौकशी केलती की! अल्सर म्हंजे अल्सर. लिहून देतो."

धाकटा खात्रीनं हसला. त्याच्या अंगात निळा शर्ट होता. तो हसला की हुबेहूब वडिलांसारखा दिसतो, फक्त त्याला ते माहीत नाही, कारण त्याला वडिलांचा चेहरा नीट आठवतच नाही. मी काहीतरी बोलायला तोंड उघडलं आणि म्हणालो, "चहा सांगू का?"

दुसऱ्या दिवशी शाळेत अर्ध्या दिवसाची रजा टाकून मी दुकानात गेलो. मशीन चालू होतं. साडू वाकून कापड ओढत होते. मी म्हणालो, "माझ्या वडिलांना अल्सर नव्हता."

"आँ?"

"अल्सर नव्हता!"

"मोठ्यानं बोला वो पावणं, मशीन चालू हाय!"

म्हणून, तीस वर्षं जपलेली गोष्ट मी पेठेतल्या रस्त्यावर ऐकू जाईल अशा आवाजात ओरडलो. "माझ्या वडिलांना आतड्याचा कॅन्सर होता!"

साडूंनी मशीन बंद केलं. समोरच्या तालमीतला एकजण जोर मारता मारता थांबला. मला वाटलं, आता चौकशीचा विषय निघणार, फसवणुकीचा निघणार, मेव्हणीला फोन जाणार. साडू स्टुलावर बसले. म्हणाले, "डाक्टरांच्या कागदावर दुसरी ओळ हुती. घरात कुनाला असंल तर आधी तपासा म्हनून. मीच खाल्ली."

"खाल्ली म्हणजे?"

"लांब हुती, बोर्डात बसंना. आनि बोर्डावर 'पण' लिवायचा नसतोय. 'पण' आला की मानूस गाडीवरनं फुडं गेलेला असतोय." त्यांनी हात पुसले. "तुमी एका भावाला सांगितलं न्हाय. मी सगळ्या गावाला सांगितलं न्हाय. चला वारणेला."

वाटेत ते दोनदाच बोलले. गाडी चालवता चालवता, मागं न बघता. "माझ्या चौकशीला अल्सर सांगितलासा व्हय!" एक नदी ओलांडून गेल्यावर पुन्हा म्हणाले, "पोरगी दिलीच असती. तुमचं तोंड बघून दिलती. आतडं कोन बघतंय लग्नात?"

कॉलनीत पोहोचलो तेव्हा भाऊ ड्यूटीवरून येऊन जेवायला बसला होता, आई वाढत होती. मी वाटभर पहिलं वाक्य जुळवत आलो होतो. चप्पल काढून, पाणी पिऊन, आईला आत नेऊन मी ते सांगणार होतो. साडूंनी दारातूनच सांगितलं. "मावशी, क्यान्सर हुता म्हनं की!"

भिंती पातळ, दुपारची वेळ, कॉलनी गप्प. आईच्या हातातली भाकरी हातातच राहिली. भावानं आधी साडूंकडं बघितलं, मग माझ्याकडं. मी मान खाली घातली, आणि त्याला सगळं कळलं. तेवढ्यात शेजारच्या म्हाताऱ्या काकू पदर सावरत दारात आल्या आणि आईला म्हणाल्या, "आज का काढलाय त्यो विषय?"

"तुमास्नी कुनी सांगितलं?" आई म्हणाली.

"आमास्नी तवाच ठावं हुतं की. सगळ्या लाईनला ठावं हाय. तुमी बोलत न्हाईसा म्हनून आमीबी अल्सर म्हनत आलो."

म्हणजे वारणेच्या कॉलनीला माहीत होतं, वडिलांच्या कारखान्यातल्या सगळ्या काकांना माहीत होतं, बहुधा माझ्या लग्नाच्या मांडवात निम्म्या वऱ्हाडाला माहीत होतं. फक्त ज्याला माहीत असायला हवं होतं तो एकटा माणूस पाटावर बसून आमटीत भाकरी कुस्करत राहिला होता.

"मला सोडून," भाऊ म्हणाला. उठून त्यानं हात धुतले. आई म्हणाली, "लेकरा, मीच दादाला बोलू नको म्हनले हुते." तो म्हणाला, "तवा तो पंधरा वर्षांचा हुता आई. आता सेहेचाळीसचा हाय." मग माझ्याकडं वळून, आवाज न चढवता, "तुझा बोर्ड लागलेला दादा चौकात. मी फोटो काढून ग्रुपवर टाकला. तवा तरी सांगायचंस."

त्यानंतर तो माझ्याशी कामापुरतं बोलत राहिला. दवाखान्याची तारीख, किती वाजता यायचं, रजा कशी टाकायची. पातळ खायचा दिवस, औषध, सगळं साडूंनीच त्याला समजावलं. बोर्डावरची ओळही त्यांनी बदलली. आता खाली दोन ओळी असतात, अक्षर लहान झालंय, चार शुभेच्छुकांचे चेहरे उडवावे लागतात, आणि त्यापायी त्यांची गिऱ्हाइकं तुटतात. विचारलं की म्हणतात, "तुटू देत. गाडी थांबवून वाचतील."

भावाला एक कोंब निघाला. माझ्यापेक्षा मोठा. डॉक्टरांनी तो काढून तपासायला पाठवला. पुढं रिपोर्ट आला की कॅन्सर नव्हता, पण त्या वाटेला लागलेला होता. "पंचेचाळीसपर्यंत थांबला असता तर?" मी विचारलं. डॉक्टर म्हणाले, "बरं झालं, ते कळायची वेळ आली नाही." आता त्याला तीन वर्षांनी पुन्हा बघायचंय. रिपोर्ट मी आईला वाचून दाखवला. तिनं तो शब्द पहिल्यांदा स्वतःच्या तोंडानं उच्चारला, अडखळत, पाहुण्याचं नाव घ्यावं तसा.

पण मला आठवते ती तपासणीची सकाळ. भावाला आत नेलं होतं. बाकावर मी आणि साडू. त्यांनी त्या दिवशी कुणालाच वय विचारलं नाही. शेजारी एक गृहस्थ पन्नाशीचे दिसत होते, तरी साडू गप्प होते. मी घाबरलो. मग एकदम त्यांनी माझ्याकडं न बघता विचारलं, आणि शपथेवर सांगतो, हळू आवाजात विचारलं, "कसं हुतं वो तुमचं वडील?"

इतक्या वर्षांत मला हे कुणी विचारलं नव्हतं. विचारणार कसं? आमच्या घरात वडिलांचा विषय निघाला की कशानं गेले तिथवर जाईल, म्हणून तो निघतच नसे. कॅन्सर लपवता लपवता आम्ही सबंध माणूसच लपवून ठेवला होता. मी म्हणालो, साधे होते. मग म्हणालो, उंच होते. मग एकेक आठवत गेलं. ते शिट्टी वाजवत घरी यायचे, आणि शिट्टीवरून आईला कळायचं आज चहा आधी की आंघोळ आधी. गळीत हंगामात त्यांच्या शर्टाला मळीचा वास यायचा. धाकट्याला खांद्यावर बसवून ते नदीवर न्यायचे आणि पाण्यात उभे राहून विचारायचे, "सोडू का?" तो "नको" ओरडायचा, आणि ते आणखी घट्ट धरायचे.

सिस्टरनी हाक मारली. भाऊ बाहेरच्या खोलीत पलंगावर होता, गुंगी पुरती उतरली नव्हती. आमचं बोलणं उघड्या दारातून त्याच्या कानापर्यंत जात होतं, हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. त्यानं डोळे मिटलेलेच ठेवले. सिस्टर म्हणाल्या, त्यांना आता पाणी द्या, मग घरी न्या.

"थांबा की जरा," साडू त्यांना म्हणाले.

भावाची बोटं चादरीवर हलली. महिनाभरात कामाखेरीज तो माझ्याशी बोलला नव्हता. जड जिभेनं म्हणाला, "कुठल्या बाजूच्या खांद्यावर, दादा?"

मी स्टूल ओढून त्याच्याजवळ बसलो.